मागच्या भिंतीचे गोटे

पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी सावरगावात सहसा पाहुणा येत नाही. त्या दिवशी जाम नदीच्या दोन काठांवरून सावरगाव आणि पांढुर्णा एकमेकांवर दगडांचा मारा करतात. गोटमार. वत्सलाला हे जन्मापासून ठाऊक होतं. पण सौंसरच्या तिच्या अंगणवाडीला नेमकी सुट्टी होती, आणि भाऊ नागपूरला गेल्यापासून नदीकाठचं माहेरचं घर बंद पडलं होतं. नोकरी संपली की तिला तिथेच राहायला यायचं होतं.

कुलूप काढून ती आत शिरली. चुलीच्या जागेवर ऊन पडलं होतं. मागची भिंत कमरेपर्यंत उतरलेली, आणि शेजारचा मंगेश सब्बल, लोखंडी पहार, घालून उरलेले दगड उपसत होता.

"मंगेश! काय करून राहिला तू?"

"अवो वत्सलाताई! कधी आली?" तो हसला. "बंदोबस्तवाल्यायनं नदीतले सारे गोटे उचलून नेले. आता पांढुर्ण्यावाल्यायले काय बोरं मारावं?"

"माह्या बापाचं घर हाय हे."

"रिकामंच तं होतं. बाप असता तं सोताच काढून देल्ले असते त्यानं."

ते खरं असावं. म्हणूनच तिला सोसवलं नाही.

सब्बल पुन्हा सांध्यात शिरली आणि एक थर तिच्या पायाशी कोसळला. वत्सलानं त्यातलाच दगड उचलला आणि मंगेशच्या तोंडावर हाणला. फेकला नाही, मुठीत धरून हाणला. तो गुडघ्यावर आला, रक्तासोबत दात थुंकला. तिनं हात पुन्हा उगारला.

"नको वो, ताई..."

एवढ्यात गावातले तिघं जण गोटे न्यायला टोपल्या घेऊन खिंडारातून आत आले.

"मंगेश्या, कोनं मारलं बे?"

मंगेशनं वत्सलाकडे पाहिलं. गोटमारीचा मार गावात मिरवता येतो. बाईचा मार कसा सांगायचा?

"पांढुर्ण्याचा गोटा," तो तोंड दाबून म्हणाला. "गोटे सीधे इथंच येऊन राहिले. इकडं कोनी फिरकू नका."

"अन् ताईच्या हातात?"

"तोच हाय तो. उचलून पाहून राहिली."

त्याला खांद्यावर टाकून, चंडीमातेचा जयजयकार करत ते निघून गेले. टोपल्या रिकाम्याच राहिल्या.

उरलेली भिंत वाचली होती. वत्सलाच्या कोपरापर्यंत रक्त ओघळलं होतं, आणि तिला अजून एकदा मारायचं होतं.