ताकाशीचं ‘येते’

हे मी आजवर कुणालाच सांगितलेलं नाही. आईला तर नाहीच — ती शेवटपर्यंत त्याची आठवण काढायची, तरी नाही. तुम्हाला सांगतो.

ऐंशीच्या दशकातली गोष्ट. आम्ही लंडनच्या उपनगरात, स्टॅनमोरला राहायचो. बाबा हॉस्पिटलात डॉक्टर, म्हणजे घरात आई आणि मीच. ताकाशीच्या वडिलांची लंडनला बदली झाली म्हणून तो जपानहून माझ्या वर्गात आला. सरांना धड उच्चारता न येणारी नावं वर्गात दोनच, त्याचं आणि माझं. दोस्ती व्हायला एवढं पुरलं. आणि मग — काय म्हणू? पन्नाशी उलटल्यावर लाजायचं कशाला? प्रेमच होतं ते. शाळेतून येताना बसच्या वरच्या मजल्यावर, माझ्या डफल कोटाखाली, आम्ही एकमेकांचा हात धरून बसायचो. तेवढ्यासाठी मी सकाळी उठायचो.

घरी आला की तो आईच्या स्वयंपाकघरात रमायचा. निघताना ‘जाते’ म्हणायचं नाही, ‘येते’ म्हणायचं, हे तिनेच त्याला शिकवलं. तो हरखला. त्यांच्याकडेही घराबाहेर पडताना ‘जाऊन येतो’ असंच म्हणतात म्हणे. तेव्हापासून दारात बूट घालताना म्हणायचा, “मी येते हं.”

मुलगा ‘येतो’ म्हणतो, हे मला माहीत नव्हतं? चांगलं माहीत होतं. लहानपणी मीही आईचं ऐकून ‘येते’ म्हणायचो, आणि तिथल्या महाराष्ट्र मंडळातल्या पोरांनी मला भंडावून सोडलं होतं. तरी आई त्याला सुधारायला गेली तेव्हा मीच म्हटलं, राहू दे गं. मला ते ऐकायला आवडायचं. फार आवडायचं.

मंडळाच्या गणपतीला मी त्याला घेऊन गेलो. भाड्याचा चर्च हॉल, दाराशी बुटांचा ढीग, कागदी प्लेटमध्ये मोदक. आरतीला तो अगदी मनापासून टाळ्या वाजवत होता. निघायच्या वेळी माझ्याभोवती तीच पोरं उभी होती, आणि ताकाशी सवयीने माझ्याकडे वळून म्हणाला, “मी येते हं.”

पोरांना हसू आवरेना. एकाने विचारलं, ही तुझी गर्लफ्रेंड का रे?

इथे — इथे मी दर वेळी थांबतो. काय करायला हवं होतं, ते मला तेव्हाही कळत होतं. मी कमरेवर हात ठेवला, मान वेळावली, आणि त्याच्याच आवाजात म्हणालो, “मी येते हं.” मग म्हणालो, “तो आहेच तसा. सारखा माझ्या मागे मागे असतो. आय कान्ट स्टँड इट.” सगळ्यांत मोठ्याने मीच हसलो.

ताकाशीला सगळं समजलं. त्याने बूट घातले, लेस नीट बांधली आणि एकटाच स्टॉपकडे गेला. त्यानंतर बसमध्ये तो खालीच बसायचा. मी वर. माफी मागायला जिना उतरायचा होता — किती पायऱ्या असतात हो त्या? मी उतरलो नाही.

नाताळच्या आधी त्याच्या वडिलांची परत जपानला बदली झाली. तो निरोप घ्यायला आला. आईला वाकून म्हणाला, “येतो.” अगदी बरोबर. आई खूश झाली. मग तो माझ्याकडे वळला.

“जातो.”

आई पुढे कित्येक वर्षं सांगायची — गोड पोरगा, पण शेवटच्या दिवशी चुकला बघ. आणि मी दर वेळी म्हणायचो, हो, चुकला.