होडीच्या आधी जेवण

सत्तरच्या सुमाराला वेसाव्यात आमच्या शेजारी एक कोळीण राहायची. नवऱ्याची होडी किनाऱ्याला लागल्याशिवाय ती घास घेत नसे. तिच्या आईचीही तीच रीत. साधी हाक मारली तरी भांडण वाटावं, असं तिचं बोलणं.

एकदा तिच्या छातीत दुखलं. डॉक्टरांनी रक्तातली चरबी उतरवायच्या गोळ्या दिल्या. रोज, दोन्ही वेळा, जेवल्यावरच. उपाशी पोटी नाही. होडीला उशीर झाला की तिची गोळी राहून जाई.

मी म्हटलं, "बाय, गोळी काय होडीची वाट बघणार?"

"तू मोठा शाना! तुझा कोण दर्यावर गेलाय?"

मला गप्प करणारं माणूस विरळाच.

एका संध्याकाळी वारा उठला, होडी दिसेना. बायका रडायला लागल्या. हिने वाळूतच ताट मांडलं. डोळ्यांतलं पाणी भातात पडत होतं, तरी ताट संपवून तिने गोळी गिळली.

"जेवलीस गं?" एक ओरडली.

"तो येल तवा मी जिती नको काय?"

अंधारात होडी आली. नवरा उतरताच ती म्हणाली, "मी जेवले. उद्यापण जेवीन."

मी कधी दर्यालाही हात जोडले नव्हते. तिला जोडले, मनातल्या मनात.