घड्याळजीचा आवाज

खर्जेसाहेब हे काही त्यांचं आडनाव नव्हे. आवाज खर्जातला, म्हणून स्टुडिओतल्या कुणीतरी चेष्टेनं चिकटवलेलं नाव ते, आणि अशी नावं एकदा चिकटली की खरवडूनही निघत नाहीत. परभाषेतल्या सिनेमांना आपल्या भाषेतला आवाज द्यायचा, हा त्यांचा धंदा. पडद्यावरच्या माणसाचे ओठ हलले की यांनी बोलायचं, ओठ मिटले की गप्प बसायचं. दुसऱ्याच्या तोंडातून आपण बोलतो आहोत हे बघणाऱ्याला कळता कामा नये. खर्जेसाहेबांनी हे काम इतकं चोख केलं की जन्मभर कुणालाच काही कळलं नाही.

पहिल्यांदा कामाला आले तेव्हा अगदी काडीपैलवान होते. आवाज निवडणाऱ्या बाईंनी त्यांना वरपासून खालपर्यंत पाहिलं आणि मनातल्या मनात नोकराची भूमिका देऊनही टाकली. मग हे बोलले. बाईंनी डोळे मिटून दोन वाक्यं ऐकली आणि टोळीचा म्होरक्या त्यांच्या पदरात घातला. तिथून पुढे जगातले सगळे खुनी, खंडणीखोर आणि कपटी काका यांच्याच वाट्याला आले. एक म्होरक्या मूळ भाषेत नुसता गुरगुरायचा. खर्जेसाहेबांनी त्याला अदबीनं बोलायला लावलं, आणि लोक म्हणाले की मूळच्यापेक्षा हाच जास्त भीतीदायक आहे. चेहरा तोच, डोळे तेच, पण माणूस पार वेगळा झाला.

त्यांची एक रीत होती. या माणसाचं पोट भरलेलं आहे की रिकामं, बूट चावतात का, बोलताना जीभ दातांना टेकते की मागे लोळते, एवढं आधी ठरवून घ्यायचं. मग आवाज आपसूक येतो, असं ते म्हणत. तोंड कोरडं पडू नये म्हणून सफरचंदाची फोड चघळायची. किंकाळ्या आणि विव्हळणं सगळ्यात शेवटी करायचं, कारण त्यानंतर घसा कामाचा राहत नाही. हे सगळं ते बायकोला रंगवून सांगत. आणि एक गोष्ट नेहमी बजावत, की स्टुडिओतला आवाज घरी आणायचा नाही आणि घरचा आवाज स्टुडिओत न्यायचा नाही.

घरच्या आवाजाबद्दल मात्र बायकोला विचारा. ती शिलाईचं काम करायची, लोकांचे कपडे उसवून लहानमोठे करून द्यायची. एके दिवशी हे दुकानात आले, विजारीची उंची कमी करून घ्यायला. गिऱ्हाईक म्हटलं की उद्याचं काल हवं असतं. ती मान वर न करताच म्हणाली की आठ दिवस लागतील. तर हे म्हणाले, "घाई नाही. तुमच्या सवडीनं होऊ द्या."

तिच्या हातातली सुई थांबली. इतकं साधं वाक्य इतक्या मायेनं कुणी बोलू शकतं हे तिला ठाऊक नव्हतं. तिच्या माहेरी मीठ मागायचं तरी ओरडून मागत. विजार दुसऱ्याच दिवशी तयार झाली. पुढचं सांगायला नको.

तीस वर्षं त्या आवाजानं तिला सांभाळलं. घरात कधी आवाज चढला नाही. भांडण झालंच तर तो आणखी खाली उतरायचा, आणि तिचा राग जागच्या जागी विरून जायचा. लेक तापानं फणफणली की तो आवाज उशाशी बसायचा. शेजारच्या बायका आपापल्या नवऱ्यांची गाऱ्हाणी घेऊन यायच्या आणि जाताना म्हणायच्या, तुझं नशीब थोर. तीही मान डोलवायची. माणूस देवाघरचा आहे याबद्दल तिच्या मनात तिळमात्र शंका नव्हती.

मग घसा बसला. बसला तो उठेना. किंकाळ्या फार झाल्या म्हणून हे कोमट पाणी पीत राहिले, आणि डॉक्टरांकडे गेले तेव्हा उशीर झाला होता. स्वरयंत्र काढलं. गळ्यावर श्वासासाठी एक भोक राहिलं आणि त्यावर तिनं मऊ कापडाचं फडकं शिवून दिलं. जीव वाचला, असं सगळे म्हणाले. कुणाचा वाचला ते तिला लवकरच कळायचं होतं.

घरी आल्यावर तिसऱ्याच दिवशी त्यांनी चहाचा पेला भिंतीवर मारला. साखर कमी होती. आजारपण आहे, तिनं समजून घेतलं. मग टेबलावर मूठ आपटणं सुरू झालं. टाळी वाजवून बोलावल्यावर ती लगेच आली नाही की हाताला लागेल ते अंगावर यायचं, कात्री, चप्पल, एकदा तर तिचा बटणांचा डबाच. घरभर बटणं झाली. ती गुडघ्यांवर बसून वेचत होती आणि हे खुर्चीतून नुसते बघत होते. त्या नजरेत वेदना असती तर तिनं सगळं पोटात घातलं असतं. पण तिथं वेदना नव्हती, कंटाळा होता. हा माणूस आपल्या ओळखीचा नाही, असं तिला त्या क्षणी पहिल्यांदा वाटलं, आणि असं वाटल्याबद्दल तिनं स्वतःला खूप बोल लावले.

तिनं सगळं खापर गेलेल्या आवाजावर फोडलं. तो परत आला की हेही परत येतील, एवढं एकच तिनं मनाशी धरलं.

तशी वाट निघालीही. मुक्यांना बोलकं करणारी एक तरुण डॉक्टरीणबाई होती. गळ्याला लावायचं यंत्र आधीच देऊन झालं होतं. त्यातून येणारा तो घरघरता, सपाट आवाज खर्जेसाहेबांनी एकदा ऐकला आणि यंत्र खिडकीबाहेर गेलं. आता ती म्हणाली, "काकू, यांच्या स्वतःच्या आवाजातलं बोलणं अर्धाएक तास मिळालं, तर टॅबलेटवर बसवता येईल. हे टाइप करतील आणि तो यांच्याच आवाजात बोलेल."

स्वतःच्या आवाजातलं. बायको घरी आली आणि तिनं शोधायला घेतलं. शेकडो सिनेमे होते, पण त्यात बोलत होते ते खुनी आणि कपटी काका. घरच्या आवाजातलं एक वाक्यही कुठे नव्हतं. लेकीच्या लग्नाचं चित्रण काढून पाहिलं, तर त्यात हे फक्त हसून हात जोडत होते. सोन्याच्या खाणीत राहून अंगावर फुटका मणी नसावा, तशी तिची गत झाली.

शेवटी ती स्टुडिओतल्या जुन्या रेकॉर्डिस्टकडे गेली. हा गडी खर्जेसाहेबांबरोबरच म्हातारा झालेला. त्याच्या कपाटात जुन्या टेपा होत्या, संगीत न मिसळलेला सुटा आवाज असलेल्या. तिनं सांगितलं की मला त्यांचा शांत, घरचा आवाज हवा आहे, कधीच न चिडणाऱ्या माणसाचा. रेकॉर्डिस्ट तिच्याकडे बघतच राहिला. मग चाचरत म्हणाला की वहिनी, इथं त्यांच्या तोंडाला कुणी लागत नसे. माईकचा स्टँड त्यांनी किती वेळा लाथाडला याची गणती नाही. नवीन पोरींना रडवून घरी पाठवायचे. एकदा त्यांनी खुद्द रेकॉर्डिस्टलाही सगळ्यांदेखत कानाखाली दिली होती.

"कोणी, यांनी?" तिनं विचारलं.

कपाटाच्या तळातून एक टेप काढून त्यानं यंत्रावर चढवली आणि हेडफोन तिच्या हातात दिला.

सिनेमा एका विधुर घड्याळजीचा होता. गावाच्या कोपऱ्यात त्याचं दुकान, आणि बिघडलेली घड्याळं घेऊन येणारी बिघडलेली माणसं. चालला नाही, आठवड्यात उतरला. मारामारी नाही, खून नाही. खर्जेसाहेबांना ते काम मिळालं तेच मुळी ठरलेला नट आजारी पडला म्हणून. तिनं हेडफोन कानाला लावला. आधी कागद सळसळल्याचा आवाज आला, मग कुणीतरी सफरचंदाचा घास गिळला, आणि मग घड्याळजी कुणा म्हातारीला म्हणाला, "घाई नाही. तुमच्या सवडीनं होऊ द्या."

तोच आवाज होता. तोच श्वास, 'सवडीनं'वर तेच थोडंसं रेंगाळणं.

हे कधीचं, तिनं विचारलं. रेकॉर्डिस्टनं डब्यावरची तारीख दाखवली. विजारीची उंची कमी करायला ते आले, तो त्याच आठवड्यातला दिवस होता. रेकॉर्डिस्ट म्हणाला की त्यांचं असंच व्हायचं. घेतलेला माणूस दोनचार दिवस अंगात राहायचा, मग उतरायचा. त्या आठवड्यात तर चहावाल्याशीसुद्धा घड्याळजी होऊनच बोलत होते. सगळे हसायचे.

टेप घेऊन ती घरी आली. खर्जेसाहेब खिडकीशी बसले होते. तिनं ती त्यांच्यासमोर ठेवली आणि उभ्या उभ्याच विचारलं की हा आवाज तुमचा का त्याचा? त्यांनी डब्यावरचं नाव वाचलं. मग बोलायचं ते लिहून दाखवायला ठेवलेली पाटी ओढून घेऊन लिहिलं, "तुला तोच आवडला होता."

खोटं बोलायची सोय नव्हती. तिला तोच आवडला होता. दुकानात आलेल्या त्या वाक्याला तिनं ओ दिली, आणि जो दोनचार दिवसांत उतरायचा तो घड्याळजी तीस वर्षं त्यांच्या मानगुटीवर बसला. दारातून आत येताना ते रोज त्याला अंगावर चढवत, आणि बाहेर पडताना उतरवून स्टँडला लाथा घालायला जात. त्यांना याचा किती शीण झाला असेल, असंही तिच्या मनात येऊन गेलं.

"आणि तुमचा स्वतःचा आवाज?" तिनं विचारलं.

त्यांनी खांदे उडवले आणि पाटी पुसली.

शहाण्या बाईनं टेप इथंच कचऱ्यात टाकली असती. लेकही फोनवर तेच म्हणाली. आई, झालं तेवढं पुरे, राहू दे आता. पण तिनं टेप डॉक्टरीणबाईला नेऊन दिली. ज्याच्याशी आपण संसार केला तो घड्याळजी होता, आणि तो या घरात राहिलेला नाही, हे तिला आता लख्ख कळलं होतं. कळलं म्हणून तहान थोडीच भागते? विहीर आटली हे कळूनही माणूस पोहरा सोडतोच.

काही आठवड्यांनी टॅबलेट तयार झाला. डॉक्टरीणबाईनं दवाखान्यात हौसेनं एक वाक्य टाइप करून दाखवलं, "कशी आहेस? आज दमलीस का?" आवाज आला मात्र, आणि बायको तोंडाला पदर लावून हमसाहमशी रडली. डॉक्टरीणबाईचेही डोळे भरून आले. तिला वाटलं, एक काम फत्ते झालं.

घरी आल्यावर बायकोनं टॅबलेट त्यांच्या मांडीवर ठेवला आणि समोर स्टूल ओढून बसली. संध्याकाळ होत आली होती. शिवायचे कपडे तसेच पडून होते. काहीतरी बोला, ती म्हणाली. काहीही चालेल.

खर्जेसाहेबांनी एका बोटानं टाइप करायला घेतलं. सवय नव्हती, अक्षरं चुकत होती, पुसून पुन्हा करत होते. ती वाट बघत राहिली. तीस वर्षांत तिनं इतक्या आतुरतेनं कशाची वाट पाहिली नव्हती. शेवटी त्यांनी बटण दाबलं.

"रोज अशी समोर येऊन बसू नकोस. तुझं तोंड बघवत नाही मला. ऊठ, जा."

घड्याळजी बोलला. तीच माया, तोच श्वास. 'बघवत नाही'वर तो जरासा रेंगाळला, जसा 'सवडीनं'वर रेंगाळायचा.

खर्जेसाहेब तिच्याकडे बघत होते. ती उठून जाईल याची ते वाट बघत असावेत. बाहेर कुणाची तरी सायकल घंटी वाजवत गेली. ती उठली नाही. तिनं डोळे मिटले आणि स्टूल आणखी थोडं पुढं सरकवलं.

"परत एकदा म्हणा," ती म्हणाली.

त्यांनी पुन्हा बटण दाबलं.