उडी वहिनीची, धाव दादाची

बीडहून नेकनूरला जाणाऱ्या एसटीत परवा माझ्या शेजारी एक मुलगी बसली होती. कॉलेजची असावी. मांडीवर सॅक, सॅकवर आडवा धरलेला मोबाइल, आणि त्यात एक इवलासा माणूस एका दगडावरून दुसऱ्या दगडावर उड्या मारत चाललेला. खाली काटे, वर फिरती करवत, मधे पाय ठेवला की कोसळणाऱ्या फळ्या. जरा पुढे गेला की तो मरायचा, आणि दर वेळी ती जिभेने 'च्' करून त्याला पुन्हा पहिल्या दगडावर उभा करायची. रस्त्यातले खड्डे त्याच्या मरणाला हातभार लावत होते, पण तिची काही तक्रार नव्हती. मी खिडकीबाहेर बघायचं सोडून तिच्या अंगठ्याकडेच बघत बसले. उडीच्या आधी तो काचेच्या किंचित वर थांबायचा, टेकायचा नाही. तो थांबलेला अंगठा बघता बघता मला आमच्या घराची ओसरी दिसायला लागली आणि नाकात पिकल्या लिंबाचा वास आला.

या खेळांचं मला पहिल्यापासून कुतूहल आहे. माणूस करमणुकीसाठी खेळतो म्हणावं, तर यात करमणुकीपेक्षा मानहानीच जास्त. पत्त्यांत निदान समोरचा लबाडी करतो असं म्हणता येतं. इथे समोर कोणीच नाही. करवत ठरल्या वेळी येते, ठरल्या वेळी जाते, काटे जिथल्या तिथे असतात, आणि तरी आपण त्यांच्यावरच जाऊन पडतो. मग राग कोणावर काढायचा? आणि एवढा अपमान झाल्यावर लोक पुन्हा तिथेच का जातात? देवळात जाणाऱ्याला निदान प्रसाद मिळतो. मला याचं उत्तर अजून पुरतं सापडलेलं नाही, पण एका आश्विनात मी ते फार जवळून शोधलं होतं.

त्या वर्षी दसरा होऊन गेला होता आणि गाव ऊसतोडीच्या गाड्यांची वाट बघत होतं. मी तेव्हा बीडला शिकत होते आणि सुट्टीला नेकनूरला घरी आले होते. घरात आई, दादा आणि वहिनी. दादा-वहिनी दर वर्षी तोडीला जायचे. तोडीच्या जगात नवरा-बायको मिळून एक 'कोयता' धरतात. नवरा ऊस तोडतो, बायको मोळ्या बांधते, आणि मग दोघंही मोळी डोक्यावर घेऊन लवलवत्या फळीवरून ट्रकवर चढतात. एकटा माणूस म्हणजे अर्धा कोयता, त्याला टोळीत कोणी विचारत नाही. त्या वर्षी दादाने मुकादमाला कोयत्याचा शब्द देऊन टाकला आणि घरी येऊन जेवताना सहज सांगितलं. वहिनी भाकरी थापत होती. तिने तव्यावरची भाकरी उलटली आणि एवढंच म्हणाली, "कोयता दोघांचा, मग शब्द एकट्याचा कसा?" दादा हसला. त्याला ती गंमत वाटली. त्या दिवसापासून वहिनीने त्याच्याशी अबोला धरला.

आमच्याकडचा अबोला म्हणजे बोलणं बंद नव्हे. बोलणं चालूच असतं, फक्त ते तिसऱ्याच्या तोंडून जातं, आणि त्या घरात तिसरी मी होते. "ताई, तुमच्या भावाला म्हणावं, पाणी तापलंय." भाऊ हातभर अंतरावर बसलेला असायचा. मी म्हणायचे, "दादा, पाणी तापलंय." मग दादा, "तुझ्या वहिनीला सांग, आलोच म्हणावं." मीही निमूट सांगायचे. पहिले दोन दिवस मला मजा वाटली, नंतर धास्ती वाटायला लागली. गाडी आली की दोघांना एका कोयत्याने बाहेर पडावं लागणार, महिनोन्‌महिने उसाच्या फडाजवळ एका झोपडीत, कोपीत, राहावं लागणार, आणि तिथे निरोप सांगायला मी नसणार. हातात धारेचं हत्यार घेऊन शेजारी शेजारी काम करणारी दोन माणसं एकमेकांशी बोलत नसतील तर कसं व्हायचं, हा विचार मला स्वस्थ बसू देईना. वहिनीला जायचंच नाही की नुसतं न विचारल्याचा राग आहे, हेही कळायला मार्ग नव्हता. मी विचारलं तर म्हणायची, "तुमी नका इचारू, ज्यानं इचारायचं त्यानं इचारावं."

अशात दादाच्या उजव्या अंगठ्याला नखुरडं झालं. अंगठा सुजून ठणकायला लागला. आईने एक पिकलं लिंबू घेतलं, त्याला भोक पाडलं आणि टोपीसारखं अंगठ्यावर चढवलं. काम बंद. रिकामा माणूस काय करणार, त्याने मोबाइलवर असलाच एक खेळ घेतला. डोक्यावर दिवा बांधलेला एक बुटका, आणि त्याला खोल विहिरीच्या तळातून वर काढायचा. डावीकडच्या बाणांनी तो चालायचा, उजवीकडच्या गोलाने उडी मारायचा. दादाचा डावा अंगठा धड होता, उजव्यावर लिंबू. धावता येत होतं, पण उडी मारता येत नव्हती. म्हणून उडीला त्याने मला बसवलं. पाटावर तांब्याला टेकवून मोबाइल उभा केला आणि आम्ही बहीणभाऊ त्या बुटक्याला मारायला लागलो. मी कधी आधी उडी मारायचे, कधी नंतर. वेळेवर फारशी कधी मारली नाही. दादा म्हणायचा मोबाइलची काचच तडकलेली आहे. नाचता येईना अंगण वाकडं.

वहिनी खांबाशी बसून तूर निवडत असायची. ती खेळाकडे बघते असं वाटायचं नाही, पण बुटका मरायच्या एक क्षण आधी सुपातला तिचा हात थांबायचा. एकदा हलत्या फळीवर मी त्याला तिसऱ्यांदा बुडवलं तेव्हा ती सुपाकडेच बघत म्हणाली, "फळी खाली जाताना पाय टाकायचा नसतो, वर येताना टाकायचा." मी माझी जागा सोडली आणि तिला ओढून पाटाजवळ बसवलं. तिने आधी आढेवेढे घेतले. दिवसाढवळ्या नवरा-बायकोने डोक्याला डोकं लावून बसायची आमच्याकडे रीत नव्हती. पण आईला तेवढ्यात शेजारी काहीतरी काम आठवलं, आणि ती चप्पल घालून निघून गेली.

तुम्हाला वाटेल की वहिनीने त्या खेळाचा फडशाच पाडला. तसं काही झालं नाही. तिचा फळीचा नियम निम्म्या वेळा लागू पडायचा, कारण खेळातल्या काही फळ्या वर येतच नाहीत, पाय पडला की सरळ कोसळतात. ट्रकच्या फळीने तिला असा दगा कधी दिला नव्हता, त्यामुळे ती रागावून त्याच फळीवर पुन्हा पुन्हा जायची. पण हळूहळू तिघांच्या डोक्यातून काही युक्त्या निघत गेल्या. बुटक्याकडे बघायचंच नाही, तो जिथे पडायला हवा त्या जागेकडे बघायचं, ही युक्ती माझी. नवी जागा आली की एकदा मुद्दाम मरायचं, म्हणजे पुढे काय वाढून ठेवलंय ते दिसतं, ही दादाची. आणि वाटेतली चकाकणारी फळं घ्यायला वाकडं जायचं नाही, ती आपल्या भल्यासाठी ठेवलेली नसतात, ही वहिनीची. सगळ्यांत नवल मला बोटांचं वाटायचं. जी जागा डोक्याला समजलेली नसायची ती एखाद्या सकाळी बोटांना आपोआप यायची. रात्रीतून कोण शिकवून जायचं कोण जाणे.

अडचण एकच होती, अबोला. "ताई, तुमच्या भावाला म्हणावं, करवत माघारी जाऊस्तोर दम धरा." हे वाक्य वहिनीच्या तोंडून निघून माझ्यामार्फत दादाच्या कानी पोचेपर्यंत बुटक्याचे दोन तुकडे झालेले असायचे. दादाही तसाच, "तुझ्या वहिनीला सांग, उडी जरा लांब मार म्हणावं," आणि बुटका तोवर खड्ड्यात. मी जमेल तेवढ्या झटपट निरोप पोचवत होते, पण करवत काही आमच्या घरच्या रीती पाळणारी नव्हती. तरी दोघं हट्टाला पेटलेली. मरण पत्करू पण थेट बोलणार नाही, असा तो प्रकार होता, आणि मरण त्या बिचाऱ्या बुटक्याचं होतं.

एका दुपारी मी पाणी प्यायला आत गेले. निरोप्या जागेवर नाही, आणि खेळ मात्र चालू. बाहेरून वहिनीचा आवाज आला, "दम धरा की." मग दादा म्हणाला, "बरं." मी तांब्या हातात धरून तशीच चुलीपाशी उभी राहिले, बाहेर गेलेच नाही. "आता." "हं." "थांबा, थांबा, जाऊ द्या तिला." "गेली." "चला." मला इतका आनंद झाला की पाणी प्यायचं विसरले. पण खेळ संपल्यावर मी बाहेर आले तर वहिनी उठत म्हणाली, "ताई, तुमच्या भावाला म्हणावं, जेवाया वाढते." म्हणजे बोलणं फक्त त्या विहिरीपुरतं. पाटावरून उठलं की पुन्हा अबोला. माणसाचं मन स्वतःला अशा सवलती कशा देतं, याचं मला तेव्हाही नवल वाटलं होतं आणि आजही वाटतं.

असे दिवस गेले. बुटका बराच वर आला, नखुरडंही फुटून बरं व्हायला लागलं. शेजारच्या गल्लीत पेट्या-बोचकी बांधायची लगबग सुरू झाली. आणि आम्ही शेवटच्या चढाला अडकलो. तिथे सगळे दगड कोसळणारे, थांबायला जागा नाही. दादाची खोड अशी की तो उतावळा, गुडघ्याला बाशिंग बांधलेला. दगड दिसला की धाव घ्यायचा आणि वहिनी उडी मारीलच असं धरून चालायचा. ती मारायचीही, पण नेहमी एक श्वास उशिरा. त्या दुपारी कितीदा मेलो ते मोजायच्या पलीकडचं होतं. शेवटी दादा वैतागून म्हणाला, "कावून उशीर करतीस?" वहिनीने काचेवरचा अंगठा उचलला, मांडीवर ठेवला, आणि त्याच्याकडे सरळ बघत म्हणाली, "तुमी निघता, आन मला मागनं कळतं."

ती खेळाबद्दलच बोलत होती, पण नुसतं खेळाबद्दल नाही, हे तिघांनाही कळलं. दादा मोबाइलकडे बघत राहिला. बुटका एका दगडावर उभा होता, तो दगड कोसळला, बुटका गेला. दादाने मोबाइल उचलून पाटावर पालथा ठेवला. लिंबाने पांढरा पडलेला अंगठा चोळत तो हळू म्हणाला, "औंदा तोडीला जायाचं का?"

"आता इचारता?"

"आता इचारतो."

वहिनीने पदराने हात पुसले, पुसायला काही नसताना. मग म्हणाली, "माझं लगीन उन्हाळ्यात झालं. तवापसनं दर साली दिवाळीला भायेर, ते पुन्हा उन्हाळ्यात घरी. ह्या घरातली थंडी मी अजून बघितली न्हाई. औंदा न्हाई जायाचं. पुढच्या साली जाऊ."

मला आधी तिचं म्हणणं कळलंच नाही. मग एकदम कळलं. मी त्या घरात जन्मले, वाढले, आणि ही इतकी वर्षं तिथे नांदणारी बाई तिथल्या संक्रांतीला कधी नव्हतीच. आमच्या रानातला हुरडा तिने खाल्ला नव्हता. आमच्या दारात ऊन कुठून येतं आणि कुठवर सरकतं, हे तिला ठाऊक नव्हतं. आणि हे आमच्यापैकी कोणाच्या डोक्यात कधी आलंच नव्हतं.

दादाने वाद घातला नाही. त्याने सदरा चढवला आणि मुकादमाकडे गेला. दिलेला शब्द परत घेणं आमच्या गावात सोपं नसतं. मुकादम लई बोलला म्हणे. बायकोने सांगितलं म्हणून शब्द फिरवला, हे गल्लीभर झालं, आणि पारावर कित्येक दिवस त्याची टवाळी चालली. आईसुद्धा कुरकुरली. दादाने सगळं ऐकून घेतलं. गाड्या आल्या, टोळ्या भरून गेल्या, गल्ली रिकामी झाली. त्या हिवाळ्यात तो गावातच दुसऱ्यांच्या रानात कामाला गेला.

मी पौषात घरी आले तेव्हा वहिनी दारातल्या उन्हात पाय पसरून बसली होती. हातात सूप नाही, सुई नाही, काहीच नाही. मी तिला अशी रिकामी कधी बघितली नव्हती. मला बघून लाजली आणि म्हणाली, "ऊन हाय तवर बसते." मी तिच्याशेजारी बसले. तुरीच्या रानावरचं धुकं अजून पुरतं उठलेलं नव्हतं.

पुढच्या वर्षी दोघं पुन्हा तोडीला गेले, त्यानंतरही जात राहिले. मुकादमाला शब्द द्यायला मात्र दोघं बरोबर जायला लागले. एवढ्याने जग बदललं असं नाही, फळी तीच आणि मोळीचं वजनही तेवढंच.

परवा घरी गेले तेव्हा मी वहिनीला विचारलं, तो खेळ शेवटी पुरा झाला होता का, तो बुटका विहिरीबाहेर निघाला का. दगड, करवती, युक्त्या, सगळं मला लख्ख आठवत होतं. शेवट तेवढा आठवत नव्हता. आपण ज्याच्यासाठी जीव टाकतो ते विसरतं आणि त्याच्या आडून जे मिळालं ते राहतं, असं काहीतरी असावं. वहिनी म्हणाली, "झाला असंल. त्या साली थंडी लई पडलती, तेवढं ध्यानात हाय."