गूजबेरीचे पाणसोट

आमचे जावई पुण्याचे. यात त्यांचा दोष नाही, पण त्यावर इलाजही नाही. कुठलीही गोष्ट करण्याआधी त्यांना ती वाचावी लागते. लग्न ठरलं तेव्हाच मी आमच्या हिला म्हणालो होतो की हा माणूस आंबा पिकला की नाही हेही पुस्तकात पाहून सांगेल. ती म्हणाली, हळू बोला, ऐकतील. मी म्हणालो, ऐकू दे.

ते आणि माझी मुलगी एका थंड देशात राहतात. घरामागे चार वाफ्यांएवढी जागा आहे, तिला ते बाग म्हणतात. आमची काटोलकडे संत्र्याची बाग आहे, आजोबांच्या वेळची. मी राहतो नागपुरात, धरमपेठेत, पण आठवड्यातून दोनदा तिथे जातोच. त्यामुळे बाग कशाला म्हणतात हे मला कोणी शिकवायची गरज नाही. तर त्या चार वाफ्यांत मुलीने गूजबेरीची तीन झुडपं लावली होती. कमरेएवढं काटेरी झुडूप, त्याला बोराएवढी हिरवी, शिरा दिसणारी आंबट फळं येतात. तिने फोनवर दाखवली तेव्हा मी म्हणालो, "एवढ्याशा फळासाठी एवढे काटे?" ती हसली नाही. त्या परक्या गावात सुरुवातीला तिचं कोणाशी धड बोलणंही होत नव्हतं, त्या दिवसांत तिने ही झुडपं आणून लावली होती. त्यांचा मुरंबा घालायचा आणि नागपूरला घेऊन यायचा, एवढं एकच तिने मनात धरलं होतं.

झुडपं चार वर्षांची झाली तेव्हा हिवाळ्यात पहिल्या मोठ्या छाटणीचा रविवार आला. आमची दुपारच्या चहाची वेळ म्हणजे त्यांची सकाळ. तिने फोन भिंतीला टेकवून ठेवला होता. पाहतो तर जावई हातमोजे, डोळ्यांना चष्मा, गुडघ्यांना गाद्या बांधून उभे. एका हातात कात्री, दुसऱ्या हातात अर्थातच पुस्तक. तीन झुडपांसाठी! आमच्याकडे एवढ्या तयारीत विहीर खोदून होते.

"बाबा, जुन्या झालेल्या फांद्या बुडापासून काढायच्या," ते मला समजावून सांगू लागले, "आणि खालून आलेले नवे फुटवे ठेवायचे. मध्ये हवा खेळायला जागा करायची."

मला हसू आवरेना. बुडातून सरळसोट वर जाणारा, तुकतुकीत फुटवा म्हणजे पाणसोट. आमचं संत्रं कलमाचं असतं, खाली जंबेरी लिंबाचा खुंट. हा फुटवा त्या जंबेरीचा. तो ठेवला की झाडाचं पाणी तो पितो आणि वरचं संत्रं उपाशी मरतं. काटोलच्या रस्त्याने नुसता ये-जा करणाराही एवढं जाणतो. आणि हे गृहस्थ म्हणे पाणसोट ठेवणार आणि झाड कापणार.

"जावईबापू, ते पुस्तक ठेवा बाजूले," मी म्हणालो. "बाई, कात्री तू घे वं. खालून जे सरळ निघून राहिले ना, ते सारे काढ. जुन्या फांद्यांले हात लावू नको. फळ जुन्या लाकडावर येते."

"बाबा, पण..."

"पण काय? तुह्या बापाचे केस बागेतच पांढरे झाले."

तिने कात्री घेतली. एकेक फुटवा पडत गेला. जावई पुस्तक छातीशी धरून बाजूला उभे होते आणि मला फार बरं वाटत होतं. खोटं कशाला सांगू?

त्या उन्हाळ्यात झुडपं फळांनी लगडली. हातच्या कांकणाला आरसा कशाला! कळमन्याच्या बाजारात संत्र्याच्या गाड्यांपाशी उभा राहून मी ओळखीच्या प्रत्येक व्यापाऱ्याला ही गोष्ट सांगितली. मुलगी म्हणाली, पुढच्या वर्षी आणखी येतील, तेव्हाच एकदम मुरंबा घालते. मी जावयांना विचारलं, "मग, पुस्तक काय म्हणते?" ते म्हणाले, "तुमचंच खरं झालं, बाबा," आणि हसले. ज्याला हरल्याचा रागसुद्धा येत नाही त्या माणसाशी काय बोलायचं?

दुसऱ्या हिवाळ्यात मला कोणी विचारलं नाही. मीच फोन लावला आणि उरलेसुरले पाणसोट काढायला लावले.

त्यानंतरच्या उन्हाळ्यात मुलगी फोनवर हवापाण्याचं बोलायची. झुडपांचं काय झालं ते आमच्या हिने सांगितलं. एक पूर्ण वाळलं होतं. बाकी दोन्हींच्या पानांवर भुरीची पांढरी बुरशी पसरली होती, फळं मिऱ्यांएवढी धरून गळून गेली होती. मी आधी तिथल्या मातीला नावं ठेवली, मग थंडीला, मग जावयांच्या हाताला. शेवटी एका दुपारी मोबाईलवर शोधून वाचलं. गूजबेरीला खाली खुंट नसतो, ती आपल्याच मुळावर उभी असते. फांदी तीन-चार वर्षं फळते आणि थकते, तिची जागा खालून आलेला नवा फुटवा घेतो. म्हणजे पुस्तकात होतं तेच. दोन वर्षं मी तिच्याच हाताने तिच्या झुडपांची पुढची पिढी कापून टाकत होतो.

दिवाळीला मुलगी एकटीच आली. मुरंब्याचं नाव कोणी काढलं नाही. आम्ही तिघं बागेत गेलो, आंबिया बहाराचं संत्रं तोडणीला आलं होतं. तिथे तरी मी गप्प बसायचं होतं, पण चूक कबूल करायची सवय जिभेला नाही. मी म्हणालो, "जावईबापूंनी नीट सांगाले पाहिजे होतं. हातात पुस्तक घेऊन मुक्यासारखे उभे राहिले."

"त्यानं सांगितलं होतं, बाबा," ती म्हणाली. "अन् मलेही माहीत होतं. ते पान मीच वाचून दाखवलं होतं त्याले."

"मंग तोडलं काहून?"

"तुम्ही सांगून राहिले होते ना."

ती रागावलेली नव्हती. रागावली असती तर मला बरं झालं असतं, दोन शब्द मीही बोललो असतो. तिला हे इतकं साधं वाटत होतं की ती माझ्याकडेच नवलाने पाहत होती. "आईले विचारा," ती म्हणाली, "आपल्या घरात तुम्हाले कोण नाही म्हणते?"

मी आमच्या हिच्याकडे पाहिलं. ती झाडाखाली बसून संत्रं सोलत होती. तिने अर्धं संत्रं मुलीच्या हातात ठेवलं.