भिवापूरचा खोकला

फोन वाजला की मी तो उचलतो, कानाला लावतो आणि गप्प बसतो. यात हसण्यासारखं काही नाही. ज्याला काम आहे त्यानं आधी बोलावं, हा माझा नियम आहे. सीताबर्डीत माझं सायकल दुरुस्तीचं दुकान होतं (शाळेत माझं मन चौथीपर्यंत रमलं, मास्तरांचं माझ्यात दुसरीपर्यंतच). तिथं रस्त्यानं जाणाऱ्याला "काय गा, पंक्चर झाली का?" असं मी कधी विचारलं नाही. गिऱ्हाईक यायचं, तोंड उघडायचं, मग मी मान वर करायचो. इज्जतीत धंदा केला.

माझी नात प्राची कॉम्प्युटरच्या कंपनीत वेबसाइटी सांभाळते. तू दिवसभर करतेस तरी काय, असं मी एकदा तिला विचारलं. तिनं समजावलं की एक असतो क्लायंट, म्हणजे मागणारा, आणि एक असतो सर्व्हर, म्हणजे देणारा. दोघं लांब लांब बसलेले असतात, म्हणून त्यांनी कसं बोलायचं याची रीत आधीच ठरलेली असते. तिला प्रोटोकॉल म्हणतात.

"अन् आबाजी, मागणारा बोलल्याशिवाय सर्व्हर तोंड उघडत नाही," ती म्हणाली.

मी उठून बसलो. म्हणजे साऱ्या जगाच्या वेबसाइटी माझ्या दुकानाच्या नियमावर चालून राहिल्या होत्या, आणि मला कुणी सांगितलंही नव्हतं! त्या दिवसापासून मी गल्लीत सांगू लागलो की मी सर्व्हर आहे. आमच्या शांताबाईनं, म्हणजे बायकोनं, हे ऐकून घेतलं आणि म्हणाली, "सर्व्हर म्हंजे देणारा ना? मंग उठा, अन् पोरीले पानी द्या."

तर याच कंपनीतला निखिल नावाचा भिवापूरचा मुलगा प्राचीला पसंत पडला. त्याच्या घरचे येऊन गेले. फक्त त्याचे आजोबा मारोतराव गुडघ्यापायी आले नाहीत. त्यांनी मिरच्यांचं पोतं पाठवलं (आमची अख्खी गल्ली आठवडाभर शिंकली) आणि सोबत निरोप, की साक्षगंधाचा, म्हणजे साखरपुड्याचा, दिवस मी स्वतः पोरीच्या आजोबांशी फोनवर बोलून ठरवीन. त्या घरात मारोतरावांच्या शब्दाशिवाय पान हलत नाही. थोडक्यात, माझ्यासारखाच माणूस. फरक एवढाच की त्याचं घर ऐकतं.

दोन दिवसांनी फोन वाजला. अनोळखी नंबर. मी उचलला आणि नियमाप्रमाणे गप्प बसलो. पलीकडचाही गप्प. मागे कुठेतरी कोंबडी कुरकुरत होती. मग पलीकडून खोकल्याचा आवाज आला. मीही खोकलो, उधारी ठेवायची सवय नाही. थोड्या वेळानं फोन बंद झाला.

"कोण होतं वो?" शांताबाईनं विचारलं.

"काय माहीत. खोकत होता."

दुसऱ्या दिवशी पुन्हा तोच नंबर, तीच कोंबडी, तोच खोकला. आता मात्र मला संशय आला. फोनवरून बँकेतले पैसे उडवणारे चोर असतात, असं शेजारचे सांगतच होते. दुकान बंद केलं तेव्हा सायकलची एक पितळी घंटी मी आठवण म्हणून घरी आणली होती. ती फोनच्या तोंडाशी धरली आणि अंगठा दुखेपर्यंत वाजवली. पलीकडे भांडं पडल्यासारखा आवाज आला, कोंबडी किंचाळली आणि फोन बंद झाला. चोराची अशी जिरवल्यावर मी स्वतःसाठी चहा मागितला, कडक.

संध्याकाळी प्राची घरात आली ती चपला न काढता. भिवापूरहून निखिलला निरोप आला होता: ज्या घरचा म्हातारा माझ्या कानात घंटी वाजवते, त्या घरची सोयरीक मले नाही पायजे.

पोरीचे डोळे भरून आले होते. मी कडक चहाचा कप खाली ठेवला.

"आबाजी, तुम्ही हॅलो काहून नाही म्हटलं?"

"तोच गप्प होता. फोन त्यानं केला, म्हंजे मागणारा तो. मागणारा बोलल्याशिवाय सर्व्हर तोंड उघडत नाही. तूच शिकवलं मले."

प्राचीनं तिथूनच निखिलला फोन लावला. जे समजलं ते असं: निखिल त्याच ऑफिसात ई-मेलचं काम पाहतो, आणि मेलवाल्यांची रीत बरोबर उलटी आहे! तिथं कुणी जोडला गेला की आधी सर्व्हरच बोलतो, "या, मी तयार आहे," आणि मग आलेला माणूस आपलं काम सांगतो. निखिलनं हे आजोबांना कौतुकानं सांगितलं होतं, आणि मारोतरावही उठून बसले होते. कारण त्यांच्याकडे दारात माणूस आला की तो नुसता खोकतो. "या, बसा" घरधन्यानं म्हणायचं असतं. म्हणजे तो खोकला दारावरची थाप होती. पाहुणा दारात उभा राहून थाप मारून राहिला होता, आणि मी आतून उलटी थाप मारून त्याच्या कानात घंटी वाजवली होती.

आता हे कळल्यावर प्रकरण मिटायला पाहिजे होतं. पण प्राची फोनवर निखिलला म्हणाली की तुमची मेलची रीत इथं लावायचीच कशाला. तो म्हणाला, आमची रीत जुनी आहे, वेबसाइटी नंतर आल्या. ती म्हणाली, जुनी आहे म्हणूनच कोणी वापरत नाही. तो म्हणाला, मग लग्नाची सुट्टी मागायला मेल नको पाठवू. फोन बंद! सोयरीक मोडायचं काम आम्हा म्हाताऱ्यांच्या हातून पोरांनीच काढून घेतलं.

सकाळी प्राची डबा न घेता ऑफिसला गेली. त्या डब्याकडे पाहून माझ्यातला सर्व्हर बंद पडला. ठरवलं, आज आपण क्लायंट व्हायचं. अंघोळ केली, इस्त्रीचा सदरा घातला (मागायला जायचं तर नीट जावं) आणि आयुष्यात पहिल्यांदा, आपण आधी बोलायचं म्हणून फोन लावला.

लाइन बिझी. पुन्हा लावला, बिझी. जेवणाची वेळ झाली तरी बिझीच. माझं डोकं फिरलं. हा माणूस माझ्याशी एक अक्षर बोलत नाही, अन् जगाशी सकाळपासून बोलून राहिला?

तेवढ्यात शांताबाईचा फोन वाजला. भिवापूरहून मारोतरावांच्या घरच्या, पार्वताबाई बोलत होत्या. त्यांचा आवाज मला तिथूनच ऐकू आला.

"बाई, आमचा म्हातारा सकाळपासून तुमच्या म्हाताऱ्याले फोन लावून राहिला. इस्त्रीचा सदरा घालून बसला हाय. पण लागतच नाही वं!"

शांताबाईनं माझ्याकडे वरपासून खालपर्यंत पाहिलं. सदऱ्यावर नजर जरा जास्तच थांबली. मग त्या दोघी एकाच वेळी बोलू लागल्या. हॅलो नाही, रीत नाही, कोण आधी कोण नंतर काही नाही. त्यातच साक्षगंधाचा रविवार ठरला, जेवण ठरलं, गुडघ्याला लावायचं तेलसुद्धा ठरलं. हा प्रोटोकॉल कुठल्या कंपनीत शिकवत नसतील.

शेवटी शांताबाईनं फोन माझ्या कानाला लावला. पलीकडे श्वास. मग खोकला.

"जय भीम मारोतराव. या, बसा," मी म्हणालो.

नेमकं त्याच क्षणी तेही जय भीम म्हणाले. मग आधी कोण म्हणालं यावर आमचं चांगलंच वाजलं. तो वाद अजून मिटलेला नाही.

साक्षगंध थाटात झालं. प्राची आणि निखिलनं आपसात कोणती रीत ठरवली ते मी विचारलं नाही. डबा मात्र आता दोघांचा जातो. मारोतरावांचा फोन रोज सकाळी येतो. ते खोकतात. मी खोकतो. तब्येत समजली की दोघंही ठेवून देतो.

परवा प्राचीनं हे पाहिलं आणि हसत सुटली. म्हणाली, "आबाजी, याले पिंग म्हणतात. पलीकडची मशीन चालू आहे का बंद पडली, एवढंच पाहायचं असते."

इतके दिवस गल्लीत सर्व्हर म्हणून मिरवलो आणि शेवटी ठरलो मशीन. तीही खोकून चालणारी.