बेसवाल्याची जागा

पोस्ट-पंक नावाचं रॉक संगीत म्हणजे काय, हे भोरमध्ये समजावून सांगायचं मी केव्हाच सोडून दिलंय. आईने शेजारीपाजारी सांगून ठेवलंय, ‘ती इंग्लिश भजनं म्हणते.’ सांगू दे. पुण्यातल्या आमच्या बँडमध्ये मी बेंबीच्या देठापासून ओरडायचे, तेव्हा मागे साथीला तिघे असायचे. मग ड्रमरला जुळं झालं, गिटारवाला नोकरीत बुडाला, बेसवाला कॅनडाला गेला आणि मी उरले. ह्यालाच सोलो करिअर म्हणतात.

पुण्यातल्या कार्यक्रमवाल्यांनी हळूहळू माझे फोन उचलायचे बंद केले. राहिलं पानशेतचं एक रिसॉर्ट. दर शनिवारी मी स्कूटरवर गिटार बांधून वेल्ह्याच्या रस्त्याने तिथे जायचे, फर्माइशीची हिंदी गाणी म्हणायचे आणि स्वतःचा राग राग करत परतायचे. शेवटी स्वतःचं एक गाणं म्हणू द्यावं म्हणून मॅनेजरच्या हातापाया पडले.

तो म्हणाला, ‘म्याडम, ह्या टायमाला एक तुमचं म्हणा. लोकं बसून ऱ्हायली तर दर शनिवारी म्हणा, माजं काय जातंय?’

लोक बसून राहिले पाहिजेत, एवढंच. स्वतःचं गाणं म्हणायला जगात दुसरी जागा उरली नव्हती. आठवडाभर मला अन्न गोड लागलं नाही. बँडचंच एक जुनं गाणं एकटीसाठी बसवलं आणि खोलीचं दार लावून घोटत राहिले.

शनिवारी पहिलं कडवं असं लागलं, की पोरंसुद्धा गप्प झाली. एका बाईंनी मोबाईल पालथा ठेवला. कडवं संपलं आणि मी थांबले. बँडमध्ये इथे आम्ही सगळेच थांबायचो, फक्त जाड आवाजाच्या गिटारचा बेस वाजायचा. तेव्हा मी माइकपासून मागे सरायचे, डोळे मिटायचे. तशीच सरले, डोळे मिटले. घरी आठवडाभर हेच केलं होतं. बेस माझ्या डोक्यात इतका स्वच्छ वाजायचा, की तो दुसऱ्या कुणाला ऐकू येणार नाही हे माझ्या लक्षातच आलं नाही.

टाळ्या पडल्या. बऱ्यापैकी पडल्या. पाठोपाठ खुर्च्या सरकल्या. डोळे उघडले तर निम्मे लोक पिठलं-भाकरीच्या टेबलाशी ताटं घेऊन उभे. मी दुसरं कडवं सुरू केलं, पण माइक बंद झाला होता आणि स्पीकरवर कोळीगीत लागलं होतं.

मॅनेजर हसतच आला. ‘ब्येस झालं की! पण लई बारकं निघालं.’

‘अहो, अजून बाकी आहे.’

‘आता कुठं? लोकं जेवाया उठली न्हवं का.’

मला तिथेच खाली बसून भोकाड पसरावंसं वाटत होतं. त्याचा काही दोष नव्हता, लोकांचाही नव्हता, आणि म्हणून तर जास्तच जीव तुटत होता.

‘मंग फुडल्या शनिवारी आपलं नेहमीचंच धरायचं ना?’ त्याने विचारलं.

नाही म्हटलं असतं तर तेही गेलं असतं.

‘धरा,’ मी म्हणाले.